फळी धरणारा फुल्जेन्सो

माझा धाकटा भाऊ फुल्जेन्सो पोटासाठी खोगिरं शिवायचा, पण आमच्या मोन्तेरूफो गावात त्याला ओळखायचे ते फळीमुळे. फाशीच्या कैद्याबरोबर चालायचं, शिडीवरही त्याच्या जोडीने चढायचं आणि त्याच्या डोळ्यांपुढे वीतभर रुंदीची एक रंगवलेली फळी धरून ठेवायची, हे त्याचं काम. फळीवर क्रुसावरचा येशू. कैद्याला फास दिसू नये, गर्दी दिसू नये, शेवटच्या क्षणी फक्त देव दिसावा, म्हणजे आत्मा सरळ वर जातो. नजर मध्येच जगाकडे वळली की सगळं मुसळ केरात. असं काम करणाऱ्यांची आमच्याकडे एक मंडळी होती. सगळे काळ्या बुरख्यात, कोण कुठला कळू नये म्हणून. आमचे बंधुराज एका पायाने लंगडे, त्यामुळे शेंबडं पोरही त्यांना बुरख्यासकट ओळखायचं.

पहिल्या बावीस वर्षांत त्याने कितीतरी माणसं पोचवली, पण शेवटच्या घटकेला एकाचाही चेहरा पाहिला नाही. त्याच्या बाजूला यायचं ते फळीचं नुसतं लाकूड.

"बरंच आहे की मग," मी म्हणायचे.

"बरं कसलं, ताई? श्वास ऐकू येतो ना. फळीपलीकडे कुणीतरी असतं, आणि मग नसतं."

फळी आमच्याच घरी असायची, भिंतीकडे तोंड करून टांगलेली. फाशी गेलेल्यांच्या बायका यायच्या, ती उलटी करायला लावायच्या आणि शिडीवर शेवटचं चुंबन घेताना नवऱ्याचे ओठ जिथे टेकले होते तिथे आपले ओठ टेकवायच्या. एवढ्या चुंबनांनी येशूचा चेहरा पार झिजला, तिथे पिवळट डाग तेवढा उरला. एकदा एक बाई म्हणाली, "डाग अजून ओला आहे." वर्ष उलटलं होतं तिच्या नवऱ्याला. मी बोट लावून पाहिलं. ओला होता. तेव्हापासून त्या खोलीत मी एकटी बसले नाही.

चेहरा नव्याने रंगवला तो आमच्या शेजारच्या नोफ्रीने. बायको गेलेली, घरात सोळा वर्षांची ओर्तेन्सिया एवढीच. ईस्टरआधीच्या उपासाच्या दिवसांत आमच्याकडे घेवड्याचं कढण पीत पीत त्याने ते काम उरकलं. त्याच वर्षी पोपसाहेबांच्या सुभेदाराने धान्यावरचा कर दुप्पट केला. काही जणांनी त्याच्या गढीत शिरायचा बेत केला आणि नोफ्रीने त्यांना गढीच्या दाराचा नकाशा काढून दिला. बेत फसला, बाकीचे डोंगर ओलांडून पळाले. नोफ्री सापडला, कारण त्या शहाण्याने सवयीप्रमाणे नकाशाच्या कोपऱ्यात सही केली होती! चित्रकाराची जात, दुसरं काय.

फाशीच्या सकाळी ओर्तेन्सिया आमच्याकडे आली.

"मावशी, मी चौकात जाणार. बाबांना मी दिसले पाहिजे."

"अगं वेडे, फळीपुढे त्यांना काय दिसणार? आणि तू जे बघशील ते जन्मभर डोळ्यांपुढून हलायचं नाही."

ती ऐकेना. मी तिला लाकडं आणायच्या निमित्ताने मागच्या खोलीत पाठवलं आणि बाहेरून कडी घातली. तिने दार बडवलं, मला शिव्या घातल्या, मग गप्प झाली. मी कणीक मळत बसले. पोरीचं भलं केलं असंच मला वाटत होतं.

चौकात काय झालं ते मला फुल्जेन्सोनेच नंतर सांगितलं.

शिडीवर नोफ्री चक्क हसला. "गड्या, माझंच काम मला दाखवतोस? हा चेहरा मी सोमवारी दुपारी केला, घाईघाईत. डावा डोळा चुकलाय बघ."

"प्रार्थना म्हण, नोफ्री."

"मला इथे देव दिसत नाही रे. रंगात कालवलेला अंड्याचा बलक दिसतो, सरस दिसतो. फळी खाली घे. माझी पोर आली असेल. तिला एकदा बघू दे, मग देव काय करायचं ते करो."

फळी खाली घेतली तर नोफ्रीचा आत्मा नरकात, आणि तोही त्याच्या हाताने. यावर माझ्या भावाचा दगडासारखा विश्वास होता. तिकडे फास आवळला जात होता. त्याने फळी खाली घेतली.

"पहिल्यांदा चेहरा पाहिला, ताई. तो विहिरीपाशी बघत होता, चर्चच्या पायऱ्यांवर बघत होता, एकेका खिडकीत बघत होता. शिडी ओढली तरी डोळे शोधतच होते."

तो घरी आला तेव्हा मी कडी काढली होती. ओर्तेन्सिया चुलीपाशी बसली होती. बुरखा न काढताच तो दारात थांबला.

"ही इथे?"

मी परातीतून मान वर केली नाही.

"काका," ओर्तेन्सियाने विचारलं, "बाबांनी शेवटपर्यंत देवाकडेच बघितलं ना? म्हणजे ते वर पोचले ना?"

खोटं त्याला कधी जमलं नव्हतं. "हो पोरी," तो बुरख्याआडून म्हणाला. "देवाकडेच." तेव्हा कुठे ती मोकळी होऊन रडली.

पुढेही दोन वर्षं त्याने फळी धरली. पण त्याचं काहीतरी बिनसलं होतं. "आता जो येतो तो फळीच्या कडेने डोकावतो, ताई. परगावचा असो, ज्याचं कुणी नाही असा असो. सगळे विहिरीपाशी बघतात, मग पायऱ्यांवर, मग खिडक्यांत. त्याच क्रमाने." मी त्याला वेड्यात काढलं. मग एकदा स्वतः चौकात गेले. परमुलखातला घोडेचोर होता, गावात सकाळीच आणलेला. त्याने फळीच्या कडेने मान काढली. विहीर, पायऱ्या, खिडक्या.

तिसऱ्या हिवाळ्यात फुल्जेन्सो तापाने गेला. ओर्तेन्सिया तोवर संसाराला लागली होती. ती धावत आली, त्याचा हात हातात घेऊन बसली. "काका, भिऊ नका. माझ्या बाबांना तुम्हीच पोचवलंत, तुम्हालाही देव नेईल." फुल्जेन्सोने माझ्याकडे पाहिलं. मी आता खरं काय ते बोलीन, अशी त्याला आशा होती. माझ्याच्याने तोंड उघडवलं नाही. त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं ते फिरवलंच. कडी घातली होती मी, आणि पाप तो आपल्याबरोबर घेऊन गेला.