नारळ फुटल्यावर

"ए बाई, बाहेर हो. ग्राउंडची पूजा झालीय, दिसत नाही का?"

खेळाचे सर सगळ्यांसमोर ओरडले. माझ्या हातात पाण्याचा तांब्या होता. समोर माझी मुलगी गुडघा धरून बसली होती. गुडघ्यातून रक्त येत होतं.

धुळ्याच्या त्या कॉलेजात मी रोजंदारीवर झाडू मारते. विद्यापीठ तेव्हा नवीनच निघालं होतं. त्याच्या मुलींच्या खो-खो संघाची निवड आमच्या मैदानावर होती. मुलगी त्याच कॉलेजात शिकायची. मी चौथी शिकलेली. ती विद्यापीठाकडून खेळणार, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

मैदान मीच केलं. दोन दिवस पाणी मारलं, खडे वेचले. सुतळी ताणून दोन खांबांमधली लांब मधली पाटी आखली, आडव्या पाट्या आखल्या. मुठीतून चुन्याची फक्की सोडत, वाकून मागे मागे चालायचं. चुन्याने बोटं सोलली. मग पाहुणे आले. खांबाला हळदकुंकू लावलं, नारळ फोडला. सर म्हणाले, "आता झाडूवालीने आत पाय ठेवायचा नाही, बाटेल."

माझी मुलगी त्यांना आत चालत होती. तिच्या पायात पळ होता. मी चालत नव्हते.

पण ती पडली आणि "माय" म्हणून ओरडली, तेव्हा मी ते विसरले. धावले.

खुर्चीवरचे पाहुणे हसले. एक म्हणाला, "सर, परत फोडा आता नारळ." मुलीने मान खाली घातली. हळूच म्हणाली, "माय, तू जाय ना. बठ्ठा देखी राह्यनात." सगळे बघतच होते.

मी रेघेबाहेर आले. तांब्यातलं पाणी तसंच.

थोड्या वेळाने मुलगी उठून पुन्हा खेळू लागली. पळापळीत मधली रेघ पुसली गेली. पंचांनी शिट्टी मारून खेळ थांबवला. सरांनी माझ्याकडे बोट केलं. "ए, फक्की आण. पटकन रेघ मार."

डबा घेऊन मी कडेपर्यंत गेले. पुढे पाय उचलेना.

"पूजा व्हई गई ना, सर? मंग मी आत कशी येऊ?"

सर जवळ आले. आवाज खाली आणून म्हणाले, "पोरीला संघात जायचंय ना?"

मुलगी माझ्याकडे बघत होती. तिचे डोळे मला सांगत होते, मार ती रेघ. मी डबा रेघेवर ठेवला आणि हात मागे घेतले. शेवटी सरांनीच फक्की मारली. वाकडी.

यादीत मुलीचं नाव आलं नाही. ती अजून म्हणते, "एक रेघ मारी देती ते काय व्हतं, माय?" काम सोडता येत नाही. सर तेच आहेत.

उद्या पुन्हा निवड आहे, दुसऱ्या मुलींची. मैदान मीच आखलंय. नारळ फुटेल तेव्हा मी बाहेर नसेन. फक्कीचा डबा घेऊन मधल्या पाटीवर उभी असेन. मला बाहेर काढायचं असेल, तर त्यांना हात लावून काढावं लागेल.