दोन सुकरी आणि त्रेचाळीस नंबर

४ मार्च १९९४, शुक्रवार. सकाळी आठला मसाटच्या कारखान्यातल्या दवाखान्यात कामगारांची मेडिकल कार्डं लिहायला बसले. आर्मीच्या नर्सिंग सेवेतून कॅप्टन म्हणून बाहेर पडून दोन वर्षं झाली होती.

"नाव?"

"सुकरी."

"आत्ताच एक सुकरी गेली."

"ती बी शुक्रवारची, मी बी शुक्रवारची. आमच्यात वार बघायचा नि नाव ठेवायचं, बाय. डोकं कोण शिणवतं?"

रांग हसली. या सुकरीने सांगितलं, पेनिसिलिनच्या सुईने एकदा तिचा श्वास कोंडला होता. मी कार्डावर लाल शाईने लिहिलं.

सुपरवायझर जोशी पुण्याचे. म्हणाले, "मॅडम, एकीला सुरेखा करून टाका. गोंधळ मिटेल."

"नाव तिचं आहे. मी कार्डावर हजेरी नंबर घालते."

"ही काय पलटण आहे?"

पलटणीतच शिकले होते. १९८६ साली माझी पोस्टिंग ईशान्येकडच्या एका फील्ड हॉस्पिटलला होती. जवळच गोरखा बटालियन. एका कंपनीत तीन मनबहादूर गुरुंग. म्हणून हाक आर्मी नंबरच्या शेवटच्या दोन आकड्यांनी. मला ते कैद्यांसारखं वाटायचं. त्रेचाळीस नंबर मलेरियाने वॉर्डात होता, तेव्हा त्याने समजावलं : मनबहादूर हे नाव पलटणीसाठी. घरी जेठा म्हणजे थोरला, माइला दुसरा, कान्छा शेंडेफळ. त्याची आई त्याला कान्छाच म्हणायची.

महिन्याभराने, १५२० वाजता, म्हणजे दुपारी तीन वीसला, रेडिओवर निरोप आला. "गाडी दरीत. कॅज्युअल्टी चार. ओव्हर."

१६१० वाजता स्ट्रेचरं आली. चौघांत दोघे मनबहादूर. त्यातला एक बेशुद्ध. मी नावावरून त्याचं कार्ड काढलं, पेनिसिलिन भरलं. शेजारच्या स्ट्रेचरवरून आवाज आला.

"मॅडम, वो कार्ड मेरा है. मैं तैंतालीस. ये सत्रह है."

सतराचं कार्ड शोधलं. त्यावर लाल शाई होती. मी सिरिंज खाली ठेवली.

सतरा वाचला. त्रेचाळीस पोटातल्या रक्तस्रावाने १८०५ वाजता गेला.

त्या शुक्रवारी मसाटला साडेअकरा वाजता पॅकिंगच्या मशीनमध्ये एका सुकरीचा हात सापडला. तळवा फाटला होता. मी टाके घातले. जोशी कपाटातून कार्ड घेऊन धावत आले.

"हे घ्या, सुकरी! काही लिहिलेलं नाही. द्या इंजेक्शन."

"नंबर?"

"अहो, रक्त बघा! नंबर कसला विचारता?"

खाटेवरून सुकरीच बोलली, "एकशेबारा."

जोशींच्या हातातलं कार्ड शहाऐंशी नंबरचं, दुसऱ्या सुकरीचं होतं. एकशेबाराच्या कार्डावर लाल शाई होती. मी दुसरं औषध दिलं. जोशी स्टुलावर बसले.

"साहेबांना पानी पाजा, बाय," सुकरी म्हणाली. "माझ्यापरीस तेच पांढरे पडले."

दुसऱ्या दिवशी सकाळी आठला मी पहिलं कोरं कार्ड घेतलं. लिहिलं : नंबर ४३. रायफलमन मनबहादूर गुरुंग. घरचं नाव कान्छा. ते कपाटाच्या दाराला आतून चिकटवलं. मग रांगेतल्या पहिल्या बाईला पुढे बोलावलं आणि आधी नंबर विचारला, मग नाव.