बुटातला कागद

ग्विमारास बेटावर नोनितो बोटी दुरुस्त करायचा. फळ्यांच्या फटी बुजवण्यात त्याचा हात धरणारा धक्क्यावर दुसरा कुणी नव्हता. त्याचा बाप घरात कधी हसला नव्हता. जेवताना चमच्याचा आवाज झाला तरी डोळे वटारायचा. आपल्या घरी असं व्हायचं नाही, हे नोनितोनं लग्नाआधीच ठरवलं होतं. म्हणून तो नऊ वर्षांच्या जोव्हेलिनच्या सतत खोड्या काढायचा. सालीतून सुई घालून आतल्या आत केळं कापून ठेवायचा. पोरीनं साल काढली की चकत्या ताटात पडायच्या. उकडलेल्या अंड्यांवर नाक-डोळे काढून, आपली कोंबडी आता अशीच अंडी घालते, असं गंभीरपणे सांगायचा.

जुलैतल्या एका रविवारी संध्याकाळी त्यानं तिच्या शाळेच्या बुटांत पुढे वर्तमानपत्राचे बोळे कोंबले. सकाळी बूट घट्ट झाले की पोरगी ओरडत येईल, मग आपण पाय मोजायला बसू, असा बेत. पण पहाटेच एका बोटीत पाणी शिरल्याचा निरोप आला आणि तो निघून गेला. बायको रोसाली आंबे वाळवायच्या शेडवर गेली. तिला या बेताचा पत्ताच नव्हता.

साडेआठला शाळेतून बाईंचा फोन आला. "जोव्हेलिन आजारी आहे का?"

नोनितो हातातलं काम टाकून घरी पळाला. दप्तर जागेवर होतं, बूट आणि चपला नव्हत्या. शेजारीण म्हणाली, "पिशवी घेऊन धक्क्याकडे जाताना दिसली. मला वाटलं, तुझ्याकडेच निघालीय."

धक्क्यावर तिकीटवाल्यानं सांगितलं, "सातच्या बोटीनं पलीकडे इलोइलोला गेली ना. आत्याकडे जातेय म्हणाली. एका बाईंच्या शेजारी बसली होती, मला वाटलं त्यांच्याबरोबरच आहे."

"बोट पोचली?"

तिकीटवाल्यानं खांबाकडे पाहिलं. तिथं लाल बावटा चढला होता. सातनंतर वारा उठला आणि बोटी बंद झाल्या. "पलीकडे फोन लागत नाहीये," तो हळूच म्हणाला.

ती बोट नोनितोच्या हातची होती. महिन्यापूर्वी त्यानंच तिच्या डाव्या बाजूच्या तीन फटी बुजवल्या होत्या. तो मनातल्या मनात एकेका फटीवरून अंगठा फिरवत बसला. तिसरी नीट वाळली होती का? बहिणीला, कोन्सिंगला, त्यानं अकरा वेळा फोन लावला. ती बाजारात मासे विकायला बसलेली, फोन कोण उचलणार?

रोसाली धावत आली. "ती का गेली असेल?"

त्याला खोटं बोलता आलं असतं. "मी तिच्या बुटात कागद कोंबला होता. गंमत म्हणून."

रोसाली म्हणाली, "गेल्या आठवड्यात मीच तिला बजावलं होतं, हे बूट वर्षभर पुरवायचेत. घाबरली असेल."

दोघं बाकावर बसून राहिली. पाण्याचे फवारे धक्क्यावर येत होते. रोसाली त्याच्यापासून हातभर दूर बसली होती.

अकराच्या सुमाराला फोन वाजला. कोन्सिंग होती. "तुझी कार्टी माझ्याकडे आहे. विचारत विचारत बाजारात आली. माझ्या पोरीचे जुने बूट द्या म्हणते, तिचे पाय वाढलेत. मी बुटात हात घातला तर वर्तमानपत्र. हे तुझंच काम ना? मासे कापायची सुरी हातात आहे, तू समोर नाहीस म्हणून वाचलास."

"तिच्याकडे फोन दे."

"बाबा," जोव्हेलिन म्हणाली, "माझे पाय तेवढेच आहेत."

रोसालीनं नोनितोच्या हातातून फोन काढून घेतला, आणि मग ती रडायला लागली.

बोटी दोन दिवस बंद राहिल्या. बुधवारी नोनितो जोव्हेलिनला आणायला गेला. परतताना ती त्याला चिकटून बसली होती. पाणी अजून हलत होतं.

"चुकलं माझं," तो म्हणाला.

"आता कधीच नाही ना करणार?"

"करीन. पण तू हसल्याशिवाय मी घराबाहेर पडणार नाही."

तिनं थोडा विचार केला. "आणि आईला आधी सांगायचं."

"सांगेन."

"आणि बुटांना हात नाही लावायचा."

"बरं," नोनितो म्हणाला.