शिरपूरच्या लग्नात वाजलेली मयताची चाल

भूतबित मी मानत नाही, आधीच सांगतो. ह्या सदरात लोकांना पांढऱ्या साडीतल्या बाया दिसतात, ते मी घरच्यांना वाचून दाखवतो अन् पोट धरून हसतो. जन्म गेला डफडं वाजवण्यात... मसणवटे तर किती पालथे घातले, एकही भूत आडवं आलं नाही. पण एक गोष्ट आहे बुवा, ती अजून पचत नाही.

पन्नासच्या दशकातली. तेव्हा वाशीम जिल्हा झाला नव्हता, आम्ही अकोल्यात मोडायचो. मी मेडशीचा. आईबाप लहानपणीच गेले. काका-काकूनं वाढवलं, डफडंही काकानंच हातात दिलं. लग्न असो की मयत, वाजवायला गावात आम्ही दोघंच. तिरडीपुढं डफडं नसलं तर माणूस बेवारशासारखा गेला, असं आमच्याकडे मानत.

त्या उन्हाळ्यात काकानं खाट धरली. आणि मी आमच्याच भागातल्या शिरपूरच्या लग्नाची सुपारी घेऊन बसलेलो! सुपारी घेतली म्हणजे शब्द दिला. तो मोडणाऱ्या वाजंत्र्याला पुन्हा कोणी दारात उभं करत नाही. तरी मी म्हटलं, "काका, मी नाही जात."

"काहून? मी काय आजच मरून राह्यलो का? जाय मुकाट्यानं!" काका खेकसला.

काकू दारापर्यंत आली. हळूच म्हणाली, "लवकर ये रे बाप्पा. तुह्या काकाचं काही झालं तं वाजवाले कोनी नाही."

तेच टेन्शन डोक्यात घेऊन मी शिरपूर गाठलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी नवरदेव मारोतीच्या पाया पडून मांडवाकडे निघाला. पुढं मी, बाजूला सनईवाला दौलत, मागं नाचणारी पोरं. आणि एकदम हात जड झाले. हात माझेच, काड्या माझ्याच, पण चाल... मयताची! संथ, थांबत थांबत.

दौलतनं सनई तोंडातून काढली. "अबे, काय वाजवून राह्यला? लगन हाये हे!"

"मले थांबवताच येत नाही बे!"

खरंच येत नव्हतं. काड्या टाकायला गेलो तर बोटं उघडेनात. नवरदेवाची आई छाती पिटत आली, "माह्या लेकाच्या लग्नात मयत वाजवतं, मेल्या!" चौघांनी मला धरलं, दौलतनं गळ्यातलं डफडं ओढून काढलं... तरी माझे हात हवेत चालूच! मग मात्र मारायला आलेलेही मागं सरले. थोड्या वेळानं जोर आपोआप गेला आणि मी मटकन खाली बसलो.

मला वेशीबाहेर हाकललं. लग्न नुसत्या सनईवर लागलं म्हणे. मला त्याचं काही नव्हतं. काका गेला, एवढं पोटातून कळलं होतं. आणि आता तो बिनवाजाचा जाणार! रडत, धावत, मिळेल त्या बैलगाडीत बसत मेडशीला पोचलो तर सकाळ झालेली. काकाला आदल्या दुपारीच नेलं होतं.

शेजारचा किसन माझ्यावरच भडकला. "मसनातून कुठी पयाला बे तू? वाजवलं अन् लाकडं द्याले थांबला बी नाही?"

"मी शिरपुरात होतो, किसनभाऊ."

"मंग वाजवत कोन होतं? तिरडीच्या पुढं, वळनापलीकडं. दिसलं नाही कोनी, पन साऱ्या गावानं आयकलं. हात तुहाच होता. आमी काय बहिरे हाओ?"

घरात पाहिलं, काकाचं डफडं खुंटीवर जसंच्या तसं. काकूनं माझे दोन्ही हात धरले अन् ढसाढसा रडली. "तुह्या काकाले बिनवाजाचं जाऊ नाही देल्लं तू."

शिरपूरचं सांगायला तोंड उघडलं... आणि मिटलं. ती होती तोवर मिटलेलंच ठेवलं. आता ती नाही, म्हणून लिहितो. शिकलेले लोक म्हणतात, मनाचे खेळ. माझ्या मनाचे असतील हो, पण साऱ्या गावाच्या कानांचं काय? माझं डफडं तर शिरपुरात दौलतच्या हातात होतं. मेडशीत कोणी वाजवलं, मला आजही माहीत नाही.

काकूला मात्र कधी शंका आली नाही. मरेपर्यंत आल्यागेल्याला सांगायची, "माह्या पोरानं वाजवलं."