शेवटची ओळ

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार आहेत ते लीड्समधल्या माझ्या ग्रीक शेजाऱ्याचे. मी त्यांना काका म्हणायचो. दार उघडलं की ते आधी बिस्किटांचा रिकामा डबा पुढे करायचे.

"फोन यात."

डबा फ्रीजमध्ये गेला की मगच, "ये, बस."

सिनेमाच्या पटकथा लिहिण्यात आणि संगीत देण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं. तरुणपणी अथेन्समध्ये त्यांनी एका दिग्दर्शकाला विश्वासाने चाल ऐकवली. सिनेमा आला तेव्हा संगीतकार म्हणून पडद्यावर नाव त्या दिग्दर्शकाचं. अशी पोळलेली माणसं तुम्हीही पाहिली असतील. खिडक्या पुसणारा आला तरी काका पियानो बंद करायचे. त्यांच्या पटकथा मी टाइप करून द्यायचो, पण शेवटचं पान मला कधी मिळालं नाही. पियानोवर स्वतःची एक नवी चाल वाजवायचे, तीही शेवटच्या ओळीपाशी तोडायचे.

"पुढे?"

"पुढे चोर असतात."

मी बार्शीत मराठी शाळेत शिकलेला, घरातला पहिला पदवीधर. ऑफिसच्या मीटिंगमध्ये तोंड उघडायला घाबरायचो. काकांनी पटकथेतले संवाद माझ्याकडून मोठ्याने वाचून घेतले. "दर वाक्याआधी सॉरी कशाला? खून केलायस का कुणाचा?" वर्षभरात मी टीमसमोर न अडखळता बोलू लागलो.

एका संध्याकाळी त्यांनी डबा पुढे केलाच नाही. पियानोवर बसले आणि ती चाल पूर्ण वाजवली. शेवटच्या ओळीसकट.

लीड्समधल्या आमच्या मराठी मंडळात पेटी मीच वाजवायचो; मंडळाच्या गणपतीत मुलांच्या नाटकाला संगीत हवं होतं. मी पेटीवर तीच चाल वाजवली. काकांना आनंद होईल, म्हणून त्यांनाही आग्रहाने बोलावलं होतं. नाटक संपल्यावर निवेदिका म्हणाली, "आणि हे ब्यूटिफुल म्युझिक? आपल्या पेटीमास्तरांचं ओन कॉम्पोझिशन! बिग क्लॅप!"

माईक हातभर अंतरावर होता. मी उठलो आणि टाळ्यांना हात जोडले. मान वर केली तेव्हा काकांची खुर्ची रिकामी होती.

दुसऱ्या दिवशी त्यांचं दार वाजवलं. "काका, मी आहे."

आतून आवाज आला, "माहीत आहे. म्हणूनच बंद आहे."

महिन्याभरात ते ग्रीसला बहिणीकडे निघून गेले. तिच्या पत्त्यावर मी लिहिलं:

"काका, काल मंडळात सगळ्यांना बसवून सांगितलं, चाल तुमची होती आणि मी गप्प राहिलो. सांगताना एकदाही सॉरी म्हटलं नाही. ते तुमच्यासाठी ठेवलं होतं. सॉरी. पेटीवर मी आता शेवटच्या ओळीपाशी थांबतो. कुणी 'पुढे?' विचारलं, तर तुमचा पत्ता देतो."