गार गोटी

मावशीच्या मळ्यात विहीर खणायला घेतली होती. सुरुंगाने फुटलेल्या काळ्या दगडाच्या पोटातून पांढरे, चमकणारे खडे निघायचे. मी तेव्हा तिसरीत असेन. आम्ही खालापूरला राहायचो आणि मे महिन्यात मी कर्जतजवळ, कोंडाण्याच्या बाजूला मावशीकडे जायचे. मावशी त्या खड्यांना गारगोट्या म्हणायची. मी इंग्रजी शाळेतली. मला ‘गार’ म्हणजे थंड आणि ‘गोटी’ म्हणजे खेळायची गोटी, एवढंच माहीत. हातात घेतली तर ती खरंच थंड लागली. शंका घ्यायला जागाच उरली नाही.

त्या शब्दातून मी एक गाव रचलं. डोंगराच्या पोटातलं. घराघरात गारगोट्या असल्यामुळे तिथे उन्हाळा पोचत नसे. गोटी मुठीत धरून हळूच बोललं की शब्द तिच्यात गोठायचे. मग ज्याला सांगायचं त्याच्या हातात ती द्यायची. त्याच्या तळव्यावर शब्द वितळायचे आणि फक्त त्यालाच कळायचे. चारचौघांत कुणालाही बोलावं लागत नसे. पाहुणे आले तरी ‘काय गं, कितवीत तू?’ असं कुणी विचारत नसे.

हे गाव मी फक्त मावसबहिणीला सांगितलं. ती माझ्याच वयाची, तिथल्या मराठी शाळेतली, बोलायला पटाईत. मी तिच्यासारखं ‘हाय-नाय’ म्हटलं की घरी आई सुधारायची, आणि मराठीत बोललं की शाळेत टीचर. त्यापेक्षा गप्प बसणं सोपं होतं. तिच्यापाशी मात्र मी न अडखळता बोलायचे.

“आन् चोरानं गोटी पळवली तर गं?” ती विचारायची.

“त्याला काही ऐकू येत नाही. नुसता हात गारठतो.”

“बरं झालं मेल्याचं!”

कॉलेजात गेल्यावरही आम्ही एकमेकींना त्या गावाच्या बातम्या द्यायचो. शेवट मात्र मी तिलाही सांगितला नव्हता. तो माझ्यापुरता ठेवला होता.

मागच्या वर्षी कर्जतला एका हॉलमध्ये मावसभावाच्या मुलीचं बारसं होतं. मी नेहमीप्रमाणे भिंतीकडची खुर्ची धरून बसले होते. नात्यातली एक छोटी मुलगी समोर येऊन माझ्या चष्म्याकडे बघत उभी राहिली.

“तूच ना ती? जिला वाटतं गोटी फ्रीजमधली हाय?”

मला काही कळेना. तिने तिच्या आईचा मोबाईल आणून दाखवला. मावसबहीण मुलांसाठी गोष्टींचे व्हिडिओ करते, हे मला ठाऊक होतं. ससा-कासवाच्या गोष्टी असतील असं मी धरून चालले होते. स्क्रीनवर माझं गाव होतं. माझा चोर, त्याचा गारठलेला हात. आणि मी नव्हतं घातलेलं असं एक पात्र, शहरातून आलेली चष्मेवाली. ती दगड उचलते आणि माझ्यासारखीच अडखळत विचारते, “गार... म्हणजे कोल्ड ना?” सगळं गाव हसतं. मग एक म्हातारा तिला समजावतो, “अगं पोरी, गार हे दगडाचंच नाव. एकीवर एक आपटलीस तर ठिणगी पडते.”

तोवर मला हे कुणीच सांगितलं नव्हतं.

मावसबहीण पाळण्याची फुलं सोडवत होती. मी तिच्याजवळ गेले.

“गार म्हणजे काय, तुला माहीत होतं?”

ती हसली. “अगं, आमच्याकडं शेंबड्या पोरालाबी म्हाईत असतं.”

“मग मला का नाही सांगितलंस?”

“मजा यायची ऐकायला. मधी बोलले असते तर तू गप झाली असतीस.”

“आणि हा व्हिडिओ?”

“तुझं नाव घेतलंय का कुठं? तू कधी सांगणार होतीस कुणाला? लोणचं घालणार होतीस गोष्टीचं?”

शेजारी बसलेली मावशी म्हणाली, “एवढ्याशा दगडावरून काय गं तोंड पाडतेस? आमच्या बांधाला ढीग पडलाय. ने की पोतंभर!”

बायका हसल्या. मावसबहिणीने मला बाजूला घेतलं आणि आवाज खाली आणला. “ऐक ना. पोरं शेवट विचारतात. तू ठरवून ठेवलेला हाय, मला ठाऊक हाय. सांग ना गं.”

तिच्या चेहऱ्यावर तीच जुनी उत्सुकता होती. त्याच चेहऱ्याकडे बघत मी सगळं सांगत आले होते. तेव्हाही ती मनातून हसत होती का, हे आता मला कधीच कळणार नव्हतं.

“नाही,” मी म्हणाले. “मी नाही सांगणार.”

आवाज मला वाटला त्यापेक्षा मोठा निघाला आणि पहिल्याच अक्षरावर फाटला. माणसं वळून बघायला लागली. मी जेवायला थांबले नाही.

दिवाळीच्या सुट्टीत तिचा पुढचा भाग आला. बघायचा नाही असं ठरवून मी तो बघितला. शेवट तिने स्वतःच रचला होता. गावावर संकट येतं, बाहेर पडायची वाट एकट्या चष्मेवालीला ठाऊक असते. सगळे हात जोडतात. ती उठते आणि म्हणते, “नाही. मी नाही सांगणार.” पहिल्या अक्षरावर आवाज फाटतो.

खाली मुलांनी हसऱ्या चेहऱ्यांची रांग लावली होती.