परीच्या गळ्यातली शिट्टी

सकाळचे नऊ वाजून दहा मिनिटं झाली होती. पुरातून आमचं भिंतीवरचं घड्याळ तेवढं वाचलं, म्हणून पक्कं सांगते. त्या घटकेला मी जो पराक्रम केला ना, ऐकताना हातातला चहा आधी खाली ठेवा!

पूर ओसरल्यावर परदेशातून घरटी एकेक डबा आला. पातेलं, चादर, साबण आणि एक नारंगी शिट्टी. शिट्टी कशाला? तर पुन्हा पाणी चढलं की वाजवायची, म्हणे. आता गोंडपिपरीकडच्या आमच्या जंगलात तीन शिट्ट्यांचा अर्थ एकच. वाघ दिसला, दारं लावा!

मी पडले भित्री. शिट्टी माझ्या दोन वर्षांच्या लेकीच्या, परीच्या गळ्यात बांधली आणि शिकवलं, "भेव वाटलं का फुंकजो, माय."

त्या दिवशी ताडपत्र्यांचा ट्रक यायचा होता. आमच्या छपराचे अर्धे कवेलू वाहून गेलेले, परीच्या पाळण्यावर टिपटिप पाणी. मी मागच्या अंगणात भांडी घासत वाट बघत होते. तेवढ्यात पुढून, फुर्र! फुर्र! फुर्र!

"वाघ! वाघ आला वो!"

अशी बोंबलले, की क्षणात सगळं गाव कडीबंद! धावत पुढे आले, तर परीसमोर ट्रकसोबत आलेली गोरी बाई वाकून उभी. पाहुणीला वाघापुढे सोडायचं का? एका हातात पोर, दुसऱ्यात बाई, दोघींना आत ओढलं न् कडी लावली.

बाहेर घर्रर्र झालं. ड्रायव्हरभाऊ ताडपत्र्यांसकट पसार!

अंधारात बाईनं परीला हसवायला वाकडं तोंड केलं. पोरीनं शिट्टी तोंडात घातली.

फुर्र! फुर्र! फुर्र!

आत बसलेल्या सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. "काऊन वं, वाघ घरातच पोसून राह्यली का तू?"

"मले काय मालूम, आत्याबाई..."

"गोरं तोंड पाहून पोरगी भेली, अन् पोरगीले ऐकून तू भेली! ताडपत्री गेली ना!"

बाईला संध्याकाळी दुसरी गाडी घेऊन गेली. ड्रायव्हरभाऊ मात्र फाट्यावरूनच निरोप धाडतो, आधी वाघ पकडा. परदेशातून आलेलं पातेलं तेव्हापासून पाळण्यावरच्या गळतीखाली आहे.

तर बायांनो, तो ट्रक कुठी दिसला तर ड्रायव्हरभाऊले एवढं सांगजा. गावात वाघ नाई. परीची माय आहे.